डिस्क आहे, दिसत नाही

"अर्धा तास," गुरू म्हणाला. "फार तर पस्तीस मिनिटं."

घड्याळजींनी मनगटाकडे बघितलं. "अकरा वाजून चार. म्हणजे अकरा एकोणचाळीस." आणि ते खुर्ची पुढे ओढून बसले.

गुरूची पहिली चूक तिथेच झाली. चाळीस वर्षं घड्याळं दुरुस्त केलेल्या माणसासमोर 'फार तर' म्हणू नये, हे कुठल्याच व्हिडिओत सांगत नाहीत.

रविवार होता. जेवणाचं टेबल पुसून त्यावर पांढरा टॉवेल पसरला होता आणि टॉवेलच्या मधोमध नवा कोरा लॅपटॉप. एका बाजूला घड्याळजी. दुसऱ्या बाजूला त्यांची बहीण, म्हणजे आत्या, नाकावर चष्मा सरसावून. स्वयंपाकघराच्या दारात घड्याळजींची बायको, म्हणजे काकू, हातात पुसता पुसता तसाच राहिलेला कप. आणि गुरूच्या पाठीमागे त्यांची मुलगी, छोटी. छोटी म्हणजे फक्त घरच्यांच्या तोंडी छोटी. वय सत्तावीस, हॉस्पिटलात फिजिओथेरपिस्ट, उंचीला गुरूपेक्षा चार बोटं जास्त. भल्याभल्यांचे आखडलेले गुडघे ती वाकवायची, पण बाबांसमोर 'आम्हाला लग्न करायचंय' म्हणायची वेळ आली की ती भलतंच काहीतरी बोलायची.

म्हणून हा सगळा घाट. बाबांच्या कपाटात बुटांचे एकोणीस रिकामे खोके होते. रिकामे म्हणजे बुटांनी रिकामे, बाकी कार्डांनी ठासून भरलेले. कुणाचं घड्याळ, काय बिघडलं होतं, काय केलं, चाळीस वर्षांचं सगळं. ते कॉम्प्युटरवर घ्यायचं होतं. गुरूने सल्ला दिला, "रिकामा लॅपटॉप घे. आतली सिस्टीम मी टाकतो. कंपनीवाले नको तो कचरा भरून देतात." छोटीला तो सल्ला भलताच आवडला. त्या निमित्ताने पोरगं घरात येईल, बाबांच्या डोळ्यांसमोर काम करेल.

"बाबांना बोलणारी माणसं आवडत नाहीत," जिन्यात तिने बजावलं होतं. "काम करणारी आवडतात. तू काम कर, तोंड मिटून. आज त्यांना तू पटलास तर पटलास. नाही पटलास तर मग माझ्याच्याने परत विषय निघायचा नाही."

"आणि विचारलं, काय करतो, तर?"

"मी सांगितलंय, कॉम्प्युटरमध्ये आहेस."

"अगं, मी लेबलं छापतो. औषधाच्या बाटल्यांची."

"कॉम्प्युटरवरच छापतोस ना?"

"हो."

"मग झालं तर."

गुरू हे नाव प्रेसमधल्यांनी ठेवलेलं. कुणाचा फोन अडकला, कुणाचा प्रिंटर रुसला, की गुरू. शिकला सगळं व्हिडिओ बघून, तेही दीडपट वेगाने. आणि व्हिडिओतला माणूस 'तुम्हाला जर इथे अशी अडचण आली' असं म्हणाला की गुरू तेवढा भाग पुढे ढकलायचा. आपल्याला अडचण येणार नाही असा त्याचा स्वभावच होता.

त्याने खिशातून पेनड्राइव्ह काढला. घरी रात्रभर जपून भरलेला. तो खोचला, बटण दाबलं, वरच्या ओळीतली एक की टकटकटक दाबत राहिला आणि काळ्या पडद्यावर निळा चौकोन उगवला.

"आई गं," आत्या म्हणाल्या. "आत काहीच नाही म्हणत होतात ना? मग हे कोण बोलतंय?"

"हे ह्याच्यातलं," गुरूने पेनड्राइव्हवर बोट ठेवलं. "हा आत जाऊन सिस्टीम बसवणार आणि मग बाहेर येणार."

"एवढासा?"

"एवढासा."

आत्यांनी घड्याळजींकडे बघितलं. घड्याळजींनी खुर्ची आणखी वीतभर पुढे घेतली. गुरूला बरं वाटलं. भाषा निवडली. पुढे. अटी मान्य. पुढे. त्याची बोटं अशी पळत होती की काकू कप पुसायचाच विसरल्या. छोटीने हळूच त्याच्या खुर्चीच्या पाठीवर टिचकी मारली. म्हणजे मस्त चाललंय.

मग मशीनने विचारलं, सिस्टीम कुठे टाकू? आणि खाली डिस्कांची यादी दाखवली.

यादी रिकामी होती.

पांढरीशुभ्र. त्या पांढऱ्यावर एक बारीकशी ओळ. एकही ड्राइव्ह सापडला नाही, स्टोरेज ड्रायव्हर द्यायचा असेल तर इथे दाबा.

गुरूने ती ओळ वाचली. मागे गेला, पुन्हा पुढे आला, पुन्हा वाचली. ओळ तीच. हाच तो भाग. हाच भाग त्याने पुढे ढकलला होता.

"काय झालं?" घड्याळजींनी विचारलं.

"काही नाही. डिस्क दिसत नाहीये."

"नाहीये का?"

"आहे. दिसत नाहीये."

"कुणाला?"

"ह्याला."

"मग त्याला चष्मा लावा," आत्या म्हणाल्या.

छोटीने टिचकी मारायची थांबवली. गुरूने फोन काढला आणि या वेळी व्हिडिओ साध्या वेगाने बघितला. बघता बघता त्याचंच तोंड उघडं राहिलं. ह्या नव्या लॅपटॉपांत डिस्कच्या दारात कंपनीने एक राखणदार बसवलेला असतो. डिस्कपाशी जायचं तर त्याच्याशी बोलायचं. आणि पेनड्राइव्हवरच्या सिस्टीमला त्याची भाषाच येत नाही. ती दारात उभं राहून हाका मारते, राखणदार ढिम्म. मग सिस्टीम समजते की इथे कुणी राहतच नाही. ड्रायव्हर म्हणजे त्या दोघांमधला दुभाष्या. तो वेगळा आणून द्यावा लागतो.

हे त्याने घड्याळजींना सांगितलं. सांगताना त्याचा आवाज आपोआप खाली आला, देवळात बोलावं तसा. इतके दिवस तो हे मशीन वापरत होता आणि आत दारं आहेत, राखणदार आहेत, हे त्याला माहीतच नव्हतं.

घड्याळजींनी सगळं ऐकून घेतलं. "म्हणजे आत डिस्क आहे, हे तुम्हाला नक्की माहीत आहे."

"शंभर टक्के."

"तुम्ही बघितलीत?"

"बघितली नाही, पण खोक्यावर लिहिलंय, पाचशे जीबी."

"खोक्यावर लिहिलंय," घड्याळजी म्हणाले. एवढंच. पण चाळीस वर्षांत खोक्यावर काय काय लिहिलेलं त्यांनी बघितलं होतं ते सगळं त्या दोन शब्दांत आलं.

ड्रायव्हर फोनवर उतरवायला चार मिनिटं लागली. पण ती फाइल बंद गाठोड्यासारखी होती. एखाद्या चालत्या कॉम्प्युटरवर ती सोडायची आणि तिच्या पोटातलं सामान पेनड्राइव्हवर ठेवायचं. घरातला एकुलता एक कॉम्प्युटर समोर आंधळा होऊन बसलेला. प्रेस रविवारी बंद.

"समोर वकीलकाकांकडे आहे," छोटी म्हणाली.

वकीलकाकांनी अर्ध्या चड्डीत दार उघडलं. पेनड्राइव्ह बघितल्यावर मात्र त्यांच्या आवाजाने कोट चढवला.

"बाहेरचा पेनड्राइव्ह? माझ्या कॉम्प्युटरला?"

"काका, दोन मिनिटांचं काम आहे."

"दोन मिनिटांत माणसं जन्मठेप ओढवून घेतात, बाळ. अशिलांच्या फायली आहेत माझ्या त्यात. हमीपत्र लिहून द्या."

गुरूला वाटलं, चेष्टा आहे. चेष्टा नव्हती. काकांनी कोरा कागद काढला, मजकूर सांगायला लागले आणि गुरू लिहायला लागला. मी खाली सही करणार, वय सव्वीस, राहणार अमुक, धंदा...

पेन थांबलं.

"लिहा, लिहा. धंदा. खोटं लिहू नका, सही करायचीय खाली."

गुरूने छोटीकडे बघितलं. छोटीने छताकडे. गुरूने लिहिलं, लेबल छपाई.

"अरेच्चा," काका चष्म्यावरून म्हणाले. "हिचे बाबा तर म्हणत होते इंजिनिअर येतोय."

"काका, प्लीज," छोटी म्हणाली. "बाबांना ह्यातलं..."

"गुपितांवरच तर पोट भरतो मी. पुढे लिहा. सदर पेनड्राइव्हमुळे काही नुकसान झाल्यास..."

सदर पेनड्राइव्ह घेऊन दोघं परत आली तेव्हा बारा वीस झाले होते.

"एक्केचाळीस मिनिटं उशीर," घड्याळजी म्हणाले. पण सकाळसारखं ठासून नाही. जरा घाईतच म्हणाले. लॅपटॉप मिटून टॉवेलच्या अगदी मधोमध ठेवला होता, चारी कडा टॉवेलच्या कडांशी समांतर. आत्यांनी काहीतरी बोलायला तोंड उघडलं, घड्याळजींनी त्यांच्याकडे नुसतं बघितलं आणि आत्यांचं तोंड मिटलं.

गुरूचं ह्या कशाकडे लक्ष नव्हतं. त्याच्या मुठीत दुभाष्या होता.

"एक सांगायचं होतं," घड्याळजी म्हणाले.

"थांबा काका, एवढं होऊ दे."

त्याने मशीन चालू केलं, त्या रिकाम्या यादीपर्यंत पोचला, 'ड्रायव्हर द्या' वर दाबलं आणि फोल्डर दाखवलं. क्षणभर मशीन विचार करत राहिलं. मग पडद्यावर राखणदाराचं नाव आलं! लांबलचक, कंपनीच्या बिरुदासकट. गुरूच्या अंगावर काटा आला. "ओळखलं!" तो ओरडला. "राखणदाराला ओळखलं ह्याने!" काकू दार सोडून टेबलापाशी आल्या. छोटीने त्याचा खांदा पकडला. हिरवी पट्टी सरकत सरकत शेवटाला गेली.

यादी रिकामी.

"आता?" आत्या.

"आता राखणदार बोलतोय," गुरू म्हणाला. घाम कानामागून उतरत होता. "पण तो म्हणतोय, आत कुणी नाही."

"मला वाटतं," घड्याळजींनी घसा खाकरला, "मी जरा..."

"एक मिनिट काका, प्लीज. आवृत्ती चुकली असणार. जुनी आवृत्ती आणतो."

पुन्हा वकीलकाका. पहिल्या हमीपत्राची मुदत संपली होती, ते एका खेपेपुरतं होतं. दुसरं लिहिलं. ह्या वेळी धंद्याच्या रकान्याशी पेन थांबलं नाही. परत आले तेव्हा एक वाजून पाच. जेवणं खोळंबली होती. जुनी आवृत्ती दिली. राखणदार हजर, यादी रिकामी. त्याहून जुनी दिली. राखणदार हजर, यादी रिकामी. लॅपटॉप बंद करून दहापर्यंत आकडे मोजले. चालू केला. रिकामी. पांढरा चौकोन समोर इतका शांत होता की गुरूला वाटायला लागलं, डिस्क हा माणसाचा एक समज असावा.

त्याने हात मांडीवर घेतले.

"काका," तो म्हणाला, "मला येत नाही."

त्याने फोन टॉवेलवर उपडा ठेवला.

"म्हणजे आजवर जमत आलंय. पण येत म्हणतात तसं नाही. मी इंजिनिअर नाही. कॉलेज पहिल्या वर्षी सोडलं. प्रेसमध्ये लेबलं छापतो. हे सगळं मी व्हिडिओ बघून शिकलो. अवघड भाग आला की मी तो पुढे ढकलतो, आणि आज नेमका तोच आलाय. हिने मला काम करायला सांगितलं होतं, बोलायला नाही. काम होत नाहीये म्हणून बोलतोय."

छोटी खुर्चीमागे गोठून उभी होती. एवढी उंच पोरगी, पण त्या क्षणी टेबलाखाली मावली असती.

घड्याळजी उठले. सावकाश खिडकीपाशी गेले. तिथे त्यांचं कामाचं टेबल होतं, त्यावर भिंगं, चिमटे, छोट्या छोट्या काचेच्या वाट्या. त्यातली उपडी ठेवलेली एक घंटेसारखी काच त्यांनी तळाच्या लाकडी पाटीसकट दोन्ही हातांनी उचलली आणि गुरूसमोर टॉवेलवर आणून ठेवली. काचेखाली पांढऱ्या कापडावर चॉकलेटच्या वडीएवढी हिरवी पट्टी होती.

"हीच का ती?" त्यांनी विचारलं.

गुरूने काचेत बघितलं. मग घड्याळजींकडे बघितलं. मग परत काचेत.

"काका... ही... तुम्ही..."

"तुम्ही म्हणालात, आहे पण दिसत नाही. आता, आमच्या धंद्यात एखादी गोष्ट दिसत नसली तर आम्ही झाकण काढून बघतो. खोक्यावर लिहिलेलं वाचत नाही. तुम्ही समोर गेलात, मी झाकण काढलं. होती. दिसली. म्हटलं, पोरगा खरं बोलला."

"आणि मग काढली बाहेर!" आत्यांचा बांध फुटला. "मी म्हणत होते, दादा, नको, दादा, नको!"

"स्वच्छ करून लावणार होतो."

"ती नवीन आहे, बाबा!" छोटी म्हणाली.

"नवीनसुद्धा पुसून लावावं." मग घड्याळजी खाली बसले आणि त्यांचा आवाज बदलला. "भिंगातून बघितली. चाळीस वर्षं मी चक्रं बघितली, दाते बघितले. सगळ्यात बारीक चक्रालाही फिरताना बघितलं. ह्यात फिरणारं काय आहे, ते मला सापडलं नाही."

"फिरत नाही काका काही."

"मग हलतं काय?"

"काहीच हलत नाही."

"काहीच नाही," घड्याळजी म्हणाले. ते कितीतरी वेळ काचेकडे बघत राहिले. "एकोणीस खोके ह्यात जाणार. आणि काही हलणार नाही."

गुरूही बघत राहिला. इतकी मशीनं त्याने हाताळली, पण डिस्क अशी काचेखाली ठेवून बघावी असं त्याच्या मनात कधी आलं नव्हतं. दोघांची डोकी जवळजवळ टेकली होती.

"ते सगळं ठीक," काकू म्हणाल्या. "पण काढली होती तर परत का नाही लावली? पोराला दोनदा समोर पळवलं."

"दोनदा सांगायला गेलो. हे 'थांबा काका' म्हणाले."

"लावली का नाही, ते विचारतेय मी."

घड्याळजी टॉवेलची कड सरळ करायला लागले. ती सरळच होती.

"स्क्रू पडला," आत्या म्हणाल्या. "ही पट्टी एकाच स्क्रूवर असते. तो हातातून सुटला, टण्ण वाजला आणि गेला. तासभर दोघं शोधतोय. हा मला म्हणतो, बोलू नकोस, पाहुण्यांसमोर शोभत नाही."

काकूंनी कप टेबलावर ठेवला. छोटी पुढे आली. त्या घरात हे असं कधी घडलं नव्हतं. तांदळाच्या कणीच्या दहाव्या हिश्श्याएवढे स्क्रू त्या माणसाने चाळीस वर्षं धरले आणि सोडले, एकही हरवला नव्हता. घरात तसं अभिमानाने सांगायची पद्धतच होती.

"तुमच्या हातून?" काकूंनी हळूच विचारलं.

"सकाळपासून हात जरा..." घड्याळजींनी उजवा पंजा पुढे धरून बघितला. "कोण येतंय, कसा असेल. मला नाही का भीती वाटणार?"

मग पाचही जण गुडघ्यांवर आले. खुर्च्या सरकवल्या, लोहचुंबक फिरवलं, केरसुणीचा केर चाळणीत चाळला. दोन टाचण्या, एक शर्टाचं बटण आणि आत्यांची दोन वर्षांपूर्वी हरवलेली गोळी सापडली. स्क्रू नाही. घड्याळांचे शेकडो स्क्रू होते, पण ते ह्या भोकात विहिरीत दगड टाकावा तसे बुडत होते.

"स्क्रूशिवाय नाही चालणार?" छोटी.

गुरूने मागचं झाकण काढून पट्टी खाचेत बसवली. एक टोक आत गेलं, दुसरं टोक गवताच्या पात्यासारखं वर उभं राहिलं. बोटाने दाबलं की नीट बसायचं, सोडलं की वर. "दाबून धरलं तर चालेल. चिकटपट्टी लावू?"

"चिकटपट्टी?" घड्याळजी म्हणाले. "माझ्या टेबलावर?"

त्यानंतर चिकटपट्टीचा विषय कुणी काढला नाही.

म्हणून असं ठरलं. लॅपटॉप उघडून, पुस्तक उभं ठेवतात तसा, एका कुशीवर उभा केला. पडद्याच्या बाजूला छोटी, आत्या आणि काकू. मागच्या बाजूला गुरू, तर्जनी डिस्कवर. त्याला पडदा दिसत नव्हता. पलीकडे पडदा आडवा झाल्यामुळे तिघींनी माना काटकोनात वाकवल्या होत्या. छोटी माउस चालवणार, आत्या वाचणार, गुरू सांगणार.

"ड्रायव्हर द्या वर दाब."

"दाबलं."

"पहिलं फोल्डर. पुढे."

"पट्टी सरकतेय," आत्या म्हणाल्या. "सरकतेय. सरकतेय. पोचली."

मग आत्या वाचायच्या थांबल्या.

गुरूला फक्त तीन चेहरे दिसत होते, एका बाजूला कललेले, लॅपटॉपच्या कडेवरून. आत्यांचे डोळे मोठे झाले. काकूंचा हात तोंडावर गेला. छोटी हसायला लागली, आवाज न करता, आणि हसता हसता तिचे डोळे भरून आले.

"काय?" गुरू म्हणाला. "सांगा ना कुणीतरी! काय आलं?"

"आली रे," आत्या कुजबुजल्या. "एक ओळ आली. शून्य नंबरची डिस्क."

"किती जीबी?"

"चारशे... चारशे पासष्ट."

"खोक्यावर पाचशे होतं," घड्याळजी म्हणाले.

"ते मोजायच्या पद्धतीतला फरक आहे काका. पुढे दाब, छोटी!"

फायली उतरायला लागल्या. एक टक्का. दोन टक्के. आत्या प्रत्येक टक्का मोठ्याने म्हणत होत्या, रॉकेट सोडतात तसं, फक्त उलट. घड्याळजींनी आपली खुर्ची उचलली, फिरून मागच्या बाजूला आणली आणि गुरूच्या अगदी समोर मांडली. गुडघ्याला गुडघा.

"हलू नकोस," ते म्हणाले. "किती वेळ लागेल ह्याला?"

"अर्धा..." गुरूने जीभ चावली. "माहीत नाही काका."

"छान. तर आता सांग. घरी कोण कोण असतं?"

गुरूच्या लक्षात आलं, सुटका नाही. उठता येत नाही, पाणी प्यायला जाता येत नाही, फोन आला म्हणून बाहेर जाता येत नाही. बोट उचललं तर सगळं पहिल्यापासून. त्याने सांगितलं. आई, धाकटा भाऊ. आई शाळेत शिपाई होती. अकरा टक्के. कॉलेज का सोडलं? वडील गेले म्हणून. मग परत का नाही गेलास? एकोणीस टक्के. परत जायची लाज वाटली, वर्गात सगळे लहान. लेबलं छापताना चूक झाली तर काय करतोस? पूर्ण गठ्ठा टाकून परत छापतो काका, औषधाचं असतं, आकडा चुकला तर माणूस मरतो. घड्याळजींनी मान डोलावली. राग येतो का? कधी कधी. कुणावर? प्रिंटरवर.

"मुलीवर?"

"तिच्यावर रागवायची हिंमत नाही काका. ती गुडघा मुरगाळते."

"अठ्ठावीस!" आत्या पलीकडून म्हणाल्या. त्यात हसूही होतं.

नाक खाजत होतं. छोटीने वाकून खाजवून दिलं. काकूंनी चहाचा कप त्याच्या तोंडाला लावला, बाळाला पाजतात तसा, आणि ह्या प्रकारात त्यांना काही वावगं वाटलेलं दिसलं नाही. मशीन एकदा आपणहून बंद होऊन चालू झालं, तेव्हा पाचही जणांचा श्वास अडकला. मग परत निळा उजेड आला आणि तिघींच्या कललेल्या चेहऱ्यांवर पसरला.

"काका," गुरू साठ टक्क्यांच्या आसपास म्हणाला, "डिस्क तापायला लागलीय. बोट भाजतंय."

"सरक."

घड्याळजींचा अंगठा त्याच्या बोटाला घासत आला, बोट निघालं आणि अंगठा बसला. मधे केसाएवढीही फट पडली नाही. पलीकडे आकडा थांबला नाही. गुरू त्या अंगठ्याकडे बघत राहिला. जाड, नखाला काळी चीर, आणि दगडात कोरावा तसा स्थिर. सकाळच्या थरथरीचा मागमूस नव्हता.

"कसं जमतं काका?"

"हात धरायचा नसतो. श्वास धरायचा. शिकवीन." मग जरा थांबून, "पुढे नाही ढकलायचं मात्र."

दोन वाजून अठरा मिनिटांनी सिस्टीम बसली. कुठल्याशा अनोळखी डोंगरावर सूर्य उगवल्याचं चित्र आलं आणि आत्यांनी मान सरळ करायची परवानगी मिळाल्यासारखा सुस्कारा सोडला, पण मान सरळ होईना. छोटीला ती दोन्ही हातांनी फिरवून द्यावी लागली.

"हे काहीतरी विचारतंय," काकू म्हणाल्या. "पासवर्ड ठेवा म्हणतंय."

गुरू लगेच उठला आणि रीतीप्रमाणे भिंतीकडे तोंड करून उभा राहिला. दुसऱ्याच्या पासवर्डाच्या वेळी बघू नये, एवढं तो प्रेसमध्ये शिकला होता.

"तिकडे काय बघतोस?" घड्याळजी म्हणाले. "माझा अंगठा अडकलाय. ये इकडे, बस आणि टाक."

"छोटी टाकेल की काका."

"तुला सांगतोय."

"दादा, माझ्या देखत तू फोनच्या लॉकचा आकडासुद्धा दाबत नाहीस," आत्या म्हणाल्या. "आणि ह्याला..."

घड्याळजींनी तिकडे लक्ष दिलं नाही. गुरू आडव्या पडद्यासमोर मान वाकवून बसला, बोटं कीबोर्डवर.

"छोटीचा जन्म," घड्याळजी पलीकडून म्हणाले. आवाज अगदी सपाट होता. "तारीख, मग तास, मिनिटं, सेकंद. दवाखान्याचं घड्याळ दोन मिनिटं पुढे होतं, मी माझं बघितलं होतं. लिही."

त्यांनी सांगितलं. गुरूने लिहिलं. काकू आकडे ऐकता ऐकता खाली बसल्या. एवढ्या वर्षांत सेकंदांचं त्यांनाही माहीत नव्हतं.

"झालं काका."

"आता न बघता म्हणून दाखव. घरातल्या सगळ्यांना पाठ असलेला बरा."

छोटीने तोंडावर हात घेतला. गुरूने डोळे मिटले आणि तो म्हणायला लागला. तारीख बरोबर आली. तास, मिनिटं बरोबर आली. सेकंद चुकले.

"परत," घड्याळजी म्हणाले.